पंखा बंद करा, आजी बोलतायत

अमेरिकेत पन्नासच्या दशकात टीव्हीवर 'आयव्ह गॉट अ सीक्रेट' नावाचा एक खेळ लागायचा. पाहुणा यायचा, त्याचं एक गुपित असायचं आणि समोर बसलेल्या मंडळींनी उलटसुलट प्रश्न विचारून ते ओळखायचं. ९ फेब्रुवारी १९५६च्या रात्री आलेले पाहुणे ९५ वर्षांचे होते. नाव सॅम्युअल सीमोर. नुकतेच पडल्यामुळे त्यांचा एक डोळा सुजलेला होता, ऐकूही कमी येत होतं. त्यांचं गुपित असं, की १४ एप्रिल १८६५च्या रात्री वॉशिंग्टनच्या फोर्ड थिएटरात अब्राहम लिंकनवर गोळी झाडली गेली, तेव्हा हे गृहस्थ प्रेक्षकांत होते. वय वर्षं पाच.

त्यांनी काय पाहिलं? लिंकनला गोळी लागताना त्यांनी पाहिलंच नाही. वरच्या सज्जातून एक माणूस धाडकन रंगमंचावर पडला, एवढं त्यांना दिसलं. त्या बिचाऱ्याला लागलं असेल, कुणीतरी त्याला उचला, ही त्या पोराची काळजी होती. तो माणूस म्हणजे जॉन विल्क्स बूथ, लिंकनचा मारेकरी. गोळी झाडून त्यानं खाली उडी घेतली होती. हे सांगून दोन महिने झाले आणि सीमोर वारले.

लिंकनच्या खुनाच्या तपासात या साक्षीचा काडीचा उपयोग नाही. कोण, कुठून, किती वाजता, हे सगळं कागदोपत्री कधीच नोंदलं गेलंय. पण मी ते जुनं चित्रण पाहिलं तेव्हा पुढचे दोन दिवस डोक्यात राहिलं ते पाच वर्षांच्या पोराचं वाटणं. पडलेल्याला आधी उचलायचं असतं, तो खुनी आहे की कोण हे नंतर! आणि ते वाटणं ९१ वर्षं एका माणसानं जसंच्या तसं सांभाळलं होतं. माहितीपटात म्हातारी माणसं आणून बसवतात ती कशासाठी, हा प्रश्न मला तिथून सुचला. माहितीसाठी म्हणावं, तर माहिती त्यांच्याकडे तोकडी असते आणि बरेचदा चुकीचीही. तरी ती खुर्चीवर बसून बोलायला लागली की आपण पुढे सरकून ऐकतो.

ही पद्धत फार जुनी नाही. बोलपटाबरोबर आवाज आला खरा, पण सुरुवातीच्या ऐतिहासिक माहितीपटांत बोलायचा तो निवेदकच. भारदस्त, सर्वज्ञ, पडद्यावर कधीही न दिसणारा. आपल्याकडे फिल्म्स डिव्हिजनची रिळं सिनेमाच्या आधी दाखवायचे, त्यातला तो आवाज ज्यांनी ऐकलाय त्यांना वेगळं सांगायला नको. १९६४ साली बीबीसीनं पहिल्या महायुद्धावर 'द ग्रेट वॉर' ही २६ भागांची मालिका केली आणि त्यात खंदकांत लढलेल्या सामान्य शिपायांना कॅमेऱ्यासमोर बसवलं. तेव्हा ती माणसं सत्तरीच्या आसपास होती. पुढे १९७३-७४ मध्ये 'द वर्ल्ड ॲट वॉर' आली, दुसऱ्या महायुद्धावर, तीही २६ भागांची. लॉरेन्स ऑलिव्हिएचं निवेदन होतंच, पण तीत सेनापतींच्या शेजारी गृहिणी, खलाशी, कारकून बोलत होते. मग तो रिवाजच पडला. आज कुठलाही ऐतिहासिक माहितीपट लावा, पाचव्या मिनिटाला खिडकीतल्या उजेडात एक सुरकुतलेला चेहरा येतोच.

तो उजेड मिळवायला काय काय करावं लागतं, ते आपल्याकडच्या घरात एकदा पाहण्यासारखं असतं. कॅमेरावाले आले की आधी पंखा बंद करायला लावतात, मग फ्रिज. आवाजात घरघर येते म्हणून. एप्रिलचा महिना, आजींच्या कपाळावर घाम, त्यांनी ठेवणीतलं लुगडं नेसलेलं. लेपल माईक पदराला लावायचा की ब्लाउजला, यावर कुजबुज. शेजारच्यांची कुकरची शिट्टी झाली की पुन्हा पहिल्यापासून. श्रवणयंत्र असेल तर त्याची बारीक शीळ वेगळीच. आणि सगळ्यांत मोठी अडचण म्हणजे घरची माणसं. दारात उभी राहून सून म्हणते, "आई, ते पोलीस आले होते ते सांगा ना!" मुलगा तारीख दुरुस्त करतो. नातू मधेच हसतो.

त्या सुनेचं काही चुकत नाही. तिनं ती गोष्ट पन्नासदा ऐकलेली असते. अडचण तीच आहे. पन्नासदा सांगितलेली आठवण घोटून घोटून गुळगुळीत होते. कुठे थांबायचं, कुठे हशा येतो, शेवटचं वाक्य कोणतं, हे सगळं ठरून जातं. सांगणारा तेव्हा त्या दिवसाकडे पाहत नसतो, मागच्या वेळी सांगितलं होतं त्याकडे पाहत असतो. म्हणून मुरलेले मुलाखतकार पहिल्या भेटीत मुख्य गोष्ट मुद्दाम काढू देत नाहीत. "ते आपण कॅमेऱ्यासमोर बोलू" असं म्हणून चहा घेतात, घर पाहतात, कुठल्या खुर्चीत बसायची सवय आहे ते बघून ठेवतात. सकाळची वेळ धरतात, औषधांची गुंगी येण्याआधीची. आणि प्रश्न आडवाटेनं विचारतात. मोर्चात काय झालं हे न विचारता पायात काय होतं, डबा कुणी करून दिला होता, घरी किती वाजता पोचलात, असं. ठरलेल्या गोष्टीत पायातल्या चपलेला जागा नसते. चप्पल आठवायला माणसाला खरंच मागे जावं लागतं.

सालं विचारून तर काहीच हाती लागत नाही. आपल्याकडच्या जुन्या माणसांचं कॅलेंडर वेगळं आहे. "दुष्काळाच्या आधी की नंतर?" म्हटलं की १९७२ हे साल पक्कं होतं. कऱ्हाड-पाटण भागात "भूकंपाच्या वेळी मांडीवर कोण होतं?" असं विचारलं की ११ डिसेंबर १९६७ची कोयनेची पहाट आणि त्या पोराचं वय, दोन्ही एका दमात मिळतात. पुण्यात पानशेत. लग्न पानशेतच्या आधीचं, वाडा पानशेतमध्ये गेला, दुकान पानशेतनंतर टाकलं.

पानशेतवरनं आठवलं. १२ जुलै १९६१ला सकाळी धरण फुटलं आणि मुठेचं पाणी शहरात शिरलं, लकडी पूल पाण्याखाली गेला. त्या दिवसाबद्दल बोलणारी पुण्यातली पंचवीस-तीस माणसं तरी मी ऐकली असतील, आणि एक गंमत लक्षात आली. पाणी दर वर्षी वर चढतंय! तरुणपणी जिन्याच्या तिसऱ्या पायरीपर्यंत आलेलं पाणी साठीनंतर माडीला टेकतं. एका गृहस्थांनी मला पुराचं इतकं बारकाईनं वर्णन करून सांगितलं की मी विचारलं, तेव्हा तुमचं वय काय? हिशेब केला तर ते दीड वर्षाचे निघाले. ते खोटं बोलत नव्हते. आईनं सांगितलेलं, काकांनी सांगितलेलं, वर्तमानपत्रातल्या फोटोत पाहिलेलं, सगळं एकत्र होऊन त्यांच्या डोळ्यांसमोर उभं होतं.

मानसशास्त्रज्ञ याच्या मागे बरीच वर्षं लागलेले आहेत. आठवण म्हणजे कपाटात ठेवलेली फाईल नव्हे, दर वेळी ती नव्यानं जुळवली जाते, हे ब्रिटिश संशोधक फ्रेडरिक बार्टलेटनं १९३२ सालीच मांडलं. २८ जानेवारी १९८६ला चॅलेंजर अंतराळयान फुटलं, तेव्हा उल्रिक नाइसर आणि निकोल हार्श यांनी दुसऱ्याच दिवशी विद्यार्थ्यांकडून लिहून घेतलं : बातमी कळली तेव्हा कुठे होतात, कुणी सांगितली. अडीच-तीन वर्षांनी पुन्हा तेच विचारलं. पुष्कळांची उत्तरं साफ बदललेली होती आणि ती ठाम विश्वासानं दिलेली होती. गमतीचा भाग असा, की स्वतःच्या हस्ताक्षरातला जुना कागद पुढे ठेवला तरी कुणाची जुनी आठवण परत आली नाही. दुसऱ्या बाजूनं एक दिलासाही आहे. साधारण दहा ते तीस या वयातलं माणसाला उतारवयात सगळ्यांत जास्त आठवतं. सकाळी काय खाल्लं ते सांगता येत नाही, पण शाळेच्या हेडमास्तरांच्या काठीचा रंग सांगता येतो. लढे, युद्धं, फाळण्या यांत ओढली गेलेली माणसं बहुधा त्याच वयाची असतात.

म्हणजे साक्षीदार मनापासून सांगतो आणि तरी चुकतो. मग त्या चुकीचं करायचं काय? बहुतेक संकलक ती कापून टाकतात. माझ्या मते बऱ्याच वेळा तिथेच माहितीपट हरतो.

इटलीतल्या तेर्नी या पोलादाच्या गावाची गोष्ट बघा. १७ मार्च १९४९ला तिथले कामगार नाटो कराराच्या विरोधात निदर्शनं करायला कारखान्यातून बाहेर पडले, पोलिसांशी चकमक झाली आणि लुईजी त्रास्तुल्ली हा २१ वर्षांचा कामगार मारला गेला. बऱ्याच वर्षांनी आलेस्सांद्रो पोर्तेल्ली हा अभ्यासक टेपरेकॉर्डर घेऊन गावातल्या म्हाताऱ्या कामगारांशी बोलत फिरला. अनेकांनी त्याला सांगितलं, की त्रास्तुल्ली १९५३ मध्ये मेला, मोठी कामगारकपात झाली आणि गावभर दगडफेक झाली तेव्हा. एकदोघांची चूक असती तर सोडून दिली असती. पण सगळं गाव एकाच दिशेनं चुकत होतं. पोर्तेल्लीच्या लक्षात आलं, की नाटोसारख्या दूरच्या कारणासाठी आपला पोरगा गेला आणि आपण त्या वेळी काहीच करू शकलो नाही, हे गावाला पचलेलं नाही. म्हणून त्यांनी तो मृत्यू उचलून त्या दिवशी नेऊन ठेवला, ज्या दिवशी आपण भाकरीसाठी लढलो आणि उलट मारलंही. मृत्यूची तारीख पोलिसांच्या कागदात आहेच. त्या मृत्यूचं गावाला काय झालं, ते चुकीच्या तारखेतच सापडतं.

अमेरिकेत येल विद्यापीठाच्या संग्रहात अशीच एक चित्रित साक्ष आहे. आउश्वित्झच्या छळछावणीतून वाचलेली एक बाई ऑक्टोबर १९४४ मध्ये कैद्यांनी केलेल्या उठावाबद्दल सांगत होती. तोपर्यंत खालच्या आवाजात बोलणाऱ्या तिच्या बोलण्यात एकदम जोर आला. चार धुराडी उडाली, आग, लोक पळतायत! नंतर इतिहासकार ती फीत पाहायला बसले आणि त्यांनी मान हलवली. उडालं होतं एकच धुराडं. साक्ष अविश्वसनीय. मुलाखत घेणारे मनोविकारतज्ज्ञ डोरी लाउब म्हणाले, की ती धुराड्यांची मोजदाद करायला आलीच नव्हती. आउश्वित्झमध्ये प्रतिकार होऊ शकतो, हे जिथे कुणाच्या स्वप्नातही नव्हतं, तिथे तो होताना तिनं पाहिलं, ही तिची साक्ष आहे. मला लाउबचं म्हणणं पटतं, पण इतिहासकारांची कुरकुरही अगदी सोडून देण्यासारखी नाही. छळछावण्या झाल्याच नाहीत असं म्हणणारे लोक नेमकी अशीच एखादी चूक धरून बसलेले असतात. म्हणून चूक ठेवावी, आणि ती चूक आहे हेही प्रेक्षकाला कळू द्यावं.

याचा सगळ्यांत बोलका नमुना मला 'ब्लाइंड स्पॉट' या २००२च्या माहितीपटात दिसतो. त्यात बोलते फक्त एक बाई, ट्राउडल युंगे, हिटलरची चिटणीस. हिटलरचं शेवटचं मृत्युपत्र हिनंच टिपून घेतलं. ना जुनी चित्रफीत, ना संगीत. ८१ वर्षांची एक नीटनेटकी बाई आणि तिचं बोलणं. दिग्दर्शकांनी एक युक्ती केली होती. तिचं चित्रण तिलाच दाखवायचं आणि ते बघतानाचा तिचा चेहरा पुन्हा टिपायचा. त्यामुळे आपण एका म्हातारीला स्वतःची साक्ष ऐकताना बघतो. मधेच ती काहीतरी जोडते, काहीतरी खोडते. आपण कोवळ्या वयाच्या होतो, आपल्याला काय कळणार, ही समजूत तिनं बरीच वर्षं मनाशी धरली होती. मग एकदा म्युनिकमध्ये तिला सोफी शोलची स्मृतिशिला दिसली. हिटलरविरोधी पत्रकं वाटल्याबद्दल शिरच्छेद झालेली विद्यार्थिनी. युंगे सांगते, की ही मुलगी माझ्याच सालची होती, आणि मी हिटलरकडे नोकरीला लागले त्याच वर्षी तिला मारलं. तेव्हा कळलं, की तरुण असणं ही सबब होऊ शकत नाही.

आता कागद काढून बघा. युंगेचा जन्म मार्च १९२०चा, सोफीचा मे १९२१चा. युंगे वर्षानं मोठी. म्हणजे त्या सबबीला वाव आणखी कमी! त्या एका वर्षाची चूक तिच्याकडून सहज झाली असेल किंवा बरोबरी साधायच्या भरात झाली असेल. पण दोघींना एका सालात बसवल्याशिवाय तिला स्वतःकडे बघताच आलं नसतं, असं मला वाटतं. बर्लिनच्या महोत्सवात हा माहितीपट दाखवला गेला आणि काही तासांतच युंगे गेली.

इथवर जे सांगितलं ते टेपरेकॉर्डरवरही झालं असतं. कॅमेऱ्याला याहून वेगळं काय मिळतं, ते पाहायचं तर क्लोद लांझमानच्या 'शोआ'कडे जावं लागतं. १९८५चा हा फ्रेंच माहितीपट नऊ तासांहून मोठा आहे आणि ज्यूंच्या संहारावर असूनही त्यात तेव्हाच्या चित्रणाची एकही फ्रेम नाही. प्रेतांचे ढीग नाहीत, हिटलर नाही. आजची माणसं, आजची गवतं उगवलेली शेतं, आजचे रूळ. लांझमान त्यावर अकरा वर्षं काम करत होता.

त्याला एक गोष्ट कळली होती, की हात तोंडाच्या आधी आठवतात. ट्रेब्लिंकाच्या छावणीकडे गाड्या नेणारा पोलिश इंजिनचालक त्यानं शोधून काढला, भाड्यानं एक वाफेचं इंजिन मिळवलं आणि त्याला त्यावर चढवलं. स्टेशन आलं तसा म्हातारा खिडकीतून वाकून मागे बघायला लागला, जणू डबे जोडलेलेच आहेत, आणि त्यानं गळ्यावरून बोट फिरवलं. हे त्याला कुणी सांगितलं नव्हतं. तसाच अब्राहम बॉम्बा. हा न्हावी. ट्रेब्लिंकात गॅस-कोठडीत शिरलेल्या बायकांचे केस कापायचं काम त्याच्याकडून करवून घेतलं होतं. लांझमाननं तेल अवीवमध्ये एक सलून भाड्यानं घेतलं, खुर्चीत एक माणूस बसवला आणि बॉम्बाच्या हातात कात्री दिली. कात्री चालू, बोलणंही चालू, अगदी सपाट आवाजात. मग त्याच्याच गावच्या एका न्हाव्याची गोष्ट निघते, जो केस कापत असताना समोर त्याची बायको आणि बहीण आल्या. इथे बॉम्बा थांबतो. तोंड पुसतो. टॉवेल झटकतो. नको म्हणतो. लांझमान पडद्याबाहेरून त्याला म्हणतो, बोलावं लागेल. बॉम्बा नको म्हणतो. कात्रीचा आवाज तेवढा येत राहतो.

या दृश्यावरून गेली चाळीस वर्षं वाद चालू आहे. वाचलेल्या माणसाला पुन्हा तिथे ढकलायचा अधिकार दिग्दर्शकाला कुणी दिला? मी स्वतः ते दोनदा पाहिलं आणि दोन्ही वेळा लांझमानचा राग आला. तिसऱ्यांदा पाहायची हिंमत नाही. तरी ते कापायला हवं होतं असं मला म्हणवत नाही, कारण तोपर्यंतचा सपाट आवाज म्हणजे घोटलेली गोष्ट होती हे त्या शांततेतच कळतं.

छावणीत काम केलेला फ्रान्झ झुखोमेल हा नाझीही याच माहितीपटात आहे. त्याला नाव गुप्त ठेवायचं वचन दिलं, पिशवीतला कॅमेरा चालू ठेवला आणि नाव पडद्यावर लिहिलं. दगाच म्हणायचा. पण ज्यांनी अत्याचार केले त्यांच्या आठवणी मिळवायला सरळ रस्ता नसतो, आणि तेही म्हातारे होत असतात. जोशुआ ओपनहायमरच्या 'द लुक ऑफ सायलेन्स'मध्ये (२०१४) याची एक विलक्षण वाट सापडते. इंडोनेशियात १९६५-६६ मध्ये कम्युनिस्ट ठरवून लाखो लोक मारले गेले. आदी नावाचा चष्मेवाला, ज्याचा थोरला भाऊ त्यात गेला, गावातल्या त्या वेळच्या मारेकऱ्यांच्या घरी डोळे तपासायला जातो. नाकावर ती जड चाचणी-फ्रेम, त्यात भिंगं बदलत तो विचारतो, आता नीट दिसतंय का? आणि मग, तेव्हा तुम्ही काय केलंत? म्हातारे आधी फुशारक्या मारतात, मग सावध होतात, मग धमकी देतात.

आपल्याकडे या कामाला उशीर झाला, आणि झालं तेही पडद्यापेक्षा कागदावर जास्त. उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी आंबेडकरी चळवळीतल्या बायकांना घरोघर जाऊन गाठलं आणि 'आम्हीही इतिहास घडवला' उभं केलं. मीना मेनन आणि नीरा आडारकर यांनी मुंबईचं गिरणगाव बोलतं केलं. फाळणीच्या साक्षी १९४७ पार्टिशन आर्काइव्हनं जमवल्या, दहा हजारांहून जास्त. आनंद पटवर्धन यांनी तर घरातच कॅमेरा रोखला. २०२३चा 'वसुधैव कुटुंबकम्' हा त्यांचा माहितीपट म्हणजे म्हातारपणाकडे झुकलेल्या आईवडिलांचं वर्षानुवर्षं केलेलं चित्रण आहे. काका राऊ आणि अच्युत पटवर्धन हे स्वातंत्र्यलढ्यातले, आई सिंधमधली. पण वडील कॅमेऱ्याला जुमानत नाहीत, चेष्टा करतात, आणि इतिहास त्या चेष्टेतूनच येतो.

साताऱ्यात इंग्रजांना डावलून चालवलेल्या प्रतिसरकारातली शेवटची माणसं पी. साईनाथ यांच्या 'परी' या संकेतस्थळानं टिपली, ती तर अगदी दिवस मावळताना. कुंडलचे रामचंद्र श्रीपती लाड, म्हणजे प्रतिसरकारच्या तुफान सेनेचे कॅप्टन भाऊ, नव्वदी ओलांडलेले. ७ जून १९४३ला शेणोलीजवळ त्यांच्या तुकडीनं इंग्रज सरकारच्या पगाराची रक्कम नेणारी गाडी अडवली. सरकारी कागदात याला लूट म्हणतात, आपणही सहज तेच म्हणतो. भाऊंना तो शब्द मान्य नव्हता. लुटलं ते इंग्रजांनी, आम्ही आमचा पैसा परत आणला, असं ते ठासून सांगत. घटना, तारीख, जागा, कशावरच दुमत नाही. भांडण क्रियापदावर आहे, आणि ते भांडायला माणूसच समोर असावा लागतो.

क्रांतिसिंह नाना पाटलांच्या कन्या हौसाताई पाटील बोलल्या तेव्हा त्याही नव्वदीच्या पुढे होत्या. त्यांची हकिकत अशी, की भवानीनगरच्या पोलीस ठाण्यासमोर त्यांनी आणि नवऱ्याचं सोंग घेतलेल्या एका सहकाऱ्यानं कडाक्याचं भांडण काढलं. मारहाण, आरडाओरडा. त्यानं बाईच्या डोक्यात घालायला धोंडा उचलला तसे पोलीस सोडवायला बाहेर धावले, आणि मागच्या बाजूनं सोबत्यांनी ठाण्यातल्या बंदुका पळवल्या. एवढं सांगून त्या आपल्या कामाला लहानसं काम म्हणत. मुलाखतकारांना हे नेहमी भेटतं. पुरुष 'मी' म्हणून सुरू करतात, बायका 'माझं काय, थोडंसंच' म्हणून. त्या 'थोडंसं'पाशी पंखा बंद करून बसायची तयारी हवी. दहा मिनिटांत उठलं तर बाईंच्या वडिलांची आणि नवऱ्याची माहिती घेऊन परत यावं लागतं.

माणसं जातायत, तशी तंत्रं वाढतायत. पीटर जॅक्सननं २०१८च्या 'दे शॅल नॉट ग्रो ओल्ड'मध्ये पहिल्या महायुद्धातलं मुकं, फडफडणारं चित्रण रंगीत केलं, ओठांच्या हालचाली वाचणाऱ्यांकडून शिपाई काय बोलले असतील ते काढलं आणि निवेदन म्हणून बीबीसी आणि इंपिरियल वॉर म्युझियमकडच्या मुलाखती वापरल्या. कानावर म्हाताऱ्यांचे आवाज आणि डोळ्यांसमोर वीस वर्षांची पोरं, दात किडलेली, हसणारी. स्टीव्हन स्पीलबर्गनं १९९४ मध्ये स्थापन केलेल्या शोआ फाउंडेशननं पाच-सहा वर्षांत ज्यूंच्या संहारातून वाचलेल्यांच्या, ३२ भाषांतल्या ५० हजारांवर साक्षी चित्रित केल्या. त्याच संस्थेनं पुढे अशाच वाचलेल्यांपैकी पिंखास गुटर यांना अनेक कॅमेऱ्यांच्या गराड्यात बसवून शेकडो प्रश्न विचारले आणि त्यातून बोलती प्रतिमा बनवली. संग्रहालयात जाऊन तुम्ही प्रश्न विचारायचा, यंत्र त्या माणसानं कधीतरी दिलेलं योग्य उत्तर शोधून लावतं. ते गेल्यानंतरही मुलं त्यांना प्रश्न विचारू शकतील. उत्तरं त्यांचीच आहेत, कुणी बनवलेली नाहीत, हे महत्त्वाचं. कुणाच्याही तोंडी काहीही घालता येण्याचे दिवस आलेले आहेत. तरीही ती प्रतिमा बघताना मला सारखं वाटत राहतं, की हे गृहस्थ फार तत्पर आहेत. विचारलं की सांगतात.

यान कार्स्की तसे नव्हते. पोलंडच्या भूमिगत चळवळीचे ते दूत. १९४२ मध्ये ते वॉर्सात ज्यूंना कोंडलेल्या वस्तीत चोरून गेले, तिथलं डोळ्यांनी पाहिलं आणि दुसऱ्या वर्षी थेट रूझवेल्टना भेटून सांगितलं. नंतर अमेरिकेत प्राध्यापक झाले आणि या विषयावर वर्षानुवर्षं गप्प राहिले. १९७८ मध्ये लांझमान त्यांच्या घरी पोचला. उंच, ताठ, सूट घातलेले कार्स्की खुर्चीत बसले. आता मी पस्तीस वर्षं मागे जातो, असं म्हणाले. चेहरा वाकडा झाला. नाही, मी मागे जात नाही, म्हणाले, आणि उठून खोलीबाहेर निघून गेले. लांझमाननं कॅमेरा बंद केला नाही आणि तो भाग कापलाही नाही. थोड्या वेळानं कार्स्की परत आले, खुर्चीत बसले, आणि मी तयार आहे म्हणाले.